तीनपेक्षा कमी

१. हे पुस्तक कशाबद्दल आहे

दादा तिला आकडेबाई म्हणायचा. कचेरीतले लोक तिला काहीच म्हणायचे नाहीत, कारण तिथे हाक मारण्याजोगं काही घडतच नसे.

कचेरी जंगलखात्याची. दुसरा मजला, जिन्यालगतची खोली. खिडकीतून समोरच्या इमारतीची खिडकी दिसायची आणि त्या खिडकीत अशीच एक बाई. काम एकच. वर्ष संपलं की प्रत्येक कागद मिलला फोन करायचा आणि विचारायचं, यंदा लगद्यासाठी किती लाकूड घेतलंत? आपल्या भागातलं किती, बाहेरून आलेलं किती? अख्खे ओंडके किती आणि लाकूडकापाच्या कारखान्यांतून उरलेल्या ढलप्या किती? मग त्या सगळ्याची प्रदेशवार बेरीज, प्रत्येक प्रदेशाची एक रेघ. कुणाची वर चढणारी, कुणाची खाली येणारी, कुणाची आजारी माणसासारखी पडून राहिलेली. आणि शेवटी हिरव्या कव्हरचं एक पातळ पुस्तक. ते मिलवाले वाचायचे, लाकूडतोडीचे ठेकेदार वाचायचे, बँकवाले वाचायचे.

आणि दादा वाचायचा.

दादा नदीकाठच्या मिलमध्ये यार्डाचा मुकादम होता. यार्ड म्हणजे लाकडाच्या थप्प्यांचं गावच. घरांपेक्षा उंच थप्प्या, मधून गल्ल्या, आणि लाकूड सुकू नये म्हणून त्यांच्यावर सतत उडणारे पाण्याचे फवारे. दादाच्या कपड्यांना बारा महिने ओल्या सालीचा वास यायचा. वडीलही त्याच यार्डात होते. ते गेले तेव्हा दादाला मिसरूड फुटत होतं आणि हिचे दुधाचे दात पडत होते. शाळेत जायच्या आधी ती मोजायला शिकली ती तिथेच. दादा थप्पीवर उभा, हातात खडू. ती खालून ओरडायची, तो दर दहाव्या ओंडक्याच्या तोंडावर फुली मारायचा. चुकली की पुन्हा पहिल्यापासून.

"ओंडका खोटं बोलत नाही," तो वरून म्हणायचा. "चुकतो तो मोजणारा."

२. पद्धत

आता मिलवाले आपलं गुपित एका सरकारी बाईला फोनवर का सांगतील? तर कचेरीचं वचन होतं, तुमचा आकडा तुमच्याशिवाय कुणाला कळणार नाही. एखाद्या प्रदेशात तीन मिल असतील तर तिघांची बेरीज छापायला हरकत नसे. बेरजेतून कुणाचं किती ते काढता येत नाही. पण दोनच उरल्या, तर पहिला आपला आकडा वजा करतो आणि दुसऱ्याचं सगळं उघड्यावर.

म्हणून नियम होता. तीनपेक्षा कमी मिल उरल्या की प्रदेश झाकायचा. कचेरीत हाच शब्द होता, झाकणं. जेवणाच्या भांड्यासारखं. झाकायचा म्हणजे त्या प्रदेशाची ओळ पुस्तकातून काढायची, त्याचे आकडे शेजारच्या प्रदेशात मिळवायचे, दोघांना मिळून एक नवं नाव द्यायचं आणि पानाच्या तळाशी बारीक टीप टाकायची. ती टीप इतकी बारीक असे, की छापखान्यातला माणूस एकदा म्हणाला होता, "बाई, ही माणसांसाठी आहे की मुंग्यांसाठी?"

असे बरेच प्रदेश तिने झाकले होते. त्याचं कधी काही वाटलं नाही. मग खोऱ्यातली पुठ्ठ्याची मिल बंद पडली. खोऱ्यात तीन होत्या, दोन राहिल्या. एक नदीच्या उगमाकडची आणि एक दादाची.

खोरं तिनेच झाकलं. तिचीच खुर्ची, तिचंच काम. घाटापलीकडच्या पठारात खोऱ्याचे आकडे मिळवले आणि दोघांना मिळून नाव दिलं, उत्तर विभाग. साहेबांनी पान पाहिलं आणि म्हणाले, "छान. आटोपशीर दिसतंय."

पठारावरच्या मिल तेव्हा भरभराटीला आल्या होत्या. त्यामुळे उत्तर विभागाची रेघ वर गेली, चांगली टुणकन. रेघ खरी होती, तिच्यात काडीचाही खोटेपणा नव्हता. पण खोरं त्या रेघेत होतं ते धट्ट्याकट्ट्या भावाच्या पाठुंगळी बसलेल्या आजारी पोरासारखं. लांबून बघणाऱ्याला दोघं मिळून उंच दिसत.

३. फोन

"नमस्कार, जंगलखात्याच्या आकडेवारीतून बोलतेय."

"बोला बोला, बाई! तुमचा फोन आला की कळतं, वर्ष संपलं. मी कॅलेंडर घेणंच सोडलंय."

पठारावरच्या सगळ्यात मोठ्या मिलचा स्टोअरकीपर. माणूस गडगडाटी हसायचा. त्याला तिने कधी पाहिलं नव्हतं, पण त्याचा खोकला, त्याची मुलगी, त्याची कंबरदुखी सगळं तिला माहीत होतं.

"आपल्या भागातलं लाकूड?"

त्याने सांगितलं. तिने लिहून घेतलं.

"बाहेरून आलेलं?"

त्याने सांगितलं. तिने लिहिलं नाही.

"पुन्हा सांगा."

"बरोबर ऐकलंत. गेल्या वर्षीच्या दुपटीच्या वर."

"एवढं कुठून?"

"खोऱ्यातून, आणखी कुठून? गाड्या घाट चढून येतात की. आमच्याच मालकाची ना ती नदीकाठची मिल. तिचं लाकूड हळूहळू इकडे वळवतोय. उन्हाळा सरला की तिथला भोंगा बंद. मशीन इथे आणणार, पायाही भरून झालाय. तिथल्या लोकांना अजून सांगितलेलं नाही. उगाच आधीपासून बोंबाबोंब नको."

समोरच्या खिडकीतली बाई उठून दिवा लावत होती.

"बाई? आहात ना?"

"आहे."

"हे आपलं तुमच्यामाझ्यात हं. तुम्हाला सांगितलं म्हणजे विहिरीत दगड टाकला, म्हणून बोललो."

"ढलप्या किती?" तिने विचारलं.

४. रविवार

बस खोऱ्यात उतरताना समोरून लाकडाच्या गाड्या घाट चढताना दिसल्या. ओंडक्यांना लाल फडकी बांधलेली. प्रत्येक गाडी अरुंद वळणावर थांबायची, बसला वाट द्यायची आणि मग कण्हत वर जायची. शेजारच्या सीटवरचा माणूस म्हणाला, "धंदा जोरात दिसतोय." ती खिडकीबाहेर बघत राहिली.

दादाने पुस्तकातलं पान कापून स्वयंपाकघरातल्या कपाटाच्या दाराला चिकटवलं होतं. चढत्या रेघेवर त्याने पेन्सिल फिरवून ती आणखी ठळक केली होती.

"या आकडेबाई, या. बघा, तुमची तसबीर लावलीय."

"लग्न झाल्यापासून माझा एक फोटो लावला नाही यांनी," वहिनी बटाटे सोलता सोलता म्हणाली. "वन्सं, तुमची रेघ मात्र लावली. खिळा मारत होते, मीच अडवलं."

"तुझा फोटो कशाला? तू चोवीस तास समोर आहेस की. भिंतीवरही तूच, म्हणजे पळायला जागा नको?"

वहिनीने बटाटा फेकल्यासारखा केला. दादाने झेलल्यासारखा केला. तीही हसली आणि हसता हसता तिला वाटलं, हे घर आपण उन्हाळा संपेपर्यंतच असं बघणार आहोत.

गोष्ट निघायची ती निघालीच. यार्डातला दादाचा जुना जोडीदार, ज्याला सगळे टकल्या म्हणत, पुठ्ठ्याची मिल बंद पडली त्याच सुमारास बंदरावर गेला होता. तिथल्या प्लायवूडच्या कारखान्यात यार्डाचा मुकादम हवा होता. टकल्याने जागा अडवून धरली होती. राहायला घर होतं. महिनाअखेरपर्यंत हो किंवा नाही कळवायचं होतं.

"टकल्या म्हणतो, समुद्र दिसतो खिडकीतून," वहिनी म्हणाली.

"समुद्राला मी काय करू? थप्पी लावता येते का त्याची?" दादाने कप खाली ठेवला. "हातचं सोडून पळत्याच्या मागे लागायचं वय आहे का माझं?"

"परवा तुम्हीच म्हणालात, यार्डात गाड्या कमी येतात."

"म्हणालो. रस्ता खचलाय, ठेकेदार आळसावलेत. माझं काय, मी गेटवर उभा राहून बघणारा. गेटवरून दिसतं किती? ही सगळ्या मुलखाचं बघते." त्याने बोट रेघेवर ठेवलं आणि खालून वरपर्यंत नेलं. "कुणी काढली ही? हिने. म्हणजे काळ्या दगडावरची रेघ."

वहिनी सुरी हातात घेऊनच कपाटाशी गेली. वाकून बघत राहिली.

"पण यात खोरं असं कुठे लिहिलंय?"

"अगं, खोरं होतं तेव्हा होतं. आता विभाग झाला. बढती मिळालीय आपल्याला!"

तो खदखदून हसला आणि बाहेर नळ बंद करायला गेला. नळ चालू नव्हता, पण यार्डातल्या माणसाला कुठेतरी पाणी वाहत असल्याचा भास नेहमीच होत असे.

वहिनीने सुरी ठेवली. ओले हात पदराला न पुसता तशीच जवळ आली.

"वन्सं, ते माझं ऐकत नाहीत. तुमचं ऐकतील. तुम्ही नुसतं जा म्हणा. कारण नका सांगू. माझी तक्रार नाही कारणाची."

ती काही बोलायच्या आत दादा परत आला. दारात उभा राहून दोघींकडे आळीपाळीने बघू लागला.

"काय शिजतंय?"

"दादा," ती म्हणाली, "मला वाटतं, तू टकल्याकडे जावंस."

दादाच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं नाही, नुसतं थांबलं.

"का गं? काही कळलंय तुला?"

फोन तिच्या कानात होता. विहिरीत दगड. ज्या माणसांनी आकडे सांगितले ती सगळी तिच्याकडे बघत असल्यासारखं वाटलं, चेहरे नसलेली, नुसते खोकले आणि कंबरदुख्या असलेली. त्यातल्या एकाचाही आकडा तिच्या तोंडून कधी गेला नव्हता. हीच तिची सगळी कमाई होती.

"नाही," ती म्हणाली.

"मग रेघ चुकलीय?"

"नाही. रेघ बरोबर आहे."

"मग झालं तर!" दादाने टाळी वाजवली. "घाबरवलंस. वाढ गं, भूक लागली."

वहिनीने तिच्याकडे एकदा पाहिलं आणि बटाट्यांकडे वळली. जेवताना टकल्याचा विषय निघाला नाही.

५.

या भागात तीनपेक्षा कमी वाक्यं होती. ती शेजारच्या भागात मिळवली आहेत.

६. परतीची बस

दोनच वाक्यं होती. ती रेघ तुमची नाही. दादा, जा.

बसमध्ये बसल्यावर ती वाक्यं आली. शहाणपण असंच, गाडी सुटल्यावर धापा टाकत येणारं. उतरावं, मागे जावं, दार वाजवावं, दोन वाक्यं टाकावीत आणि परत फिरावं. तिने पिशवी मांडीवर घेतली. पिशवीत वहिनीने दिलेली उकडलेली अंडी होती, अजून कोमट.

मग नेहमीचे विचार ओळीने येऊन बसले. स्टोअरकीपर बोलला ती ऐकीव गोष्ट. ऐकीव गोष्ट म्हणजे आकडा नव्हे. मालकाचं मन बदलेल. वहिनी दादाला वठणीवर आणील, आजवर आणत आलीच आहे. आणि आपण सांगितलं असतं तर दादा काय गप्प बसला असता? तो यार्डभर सांगत सुटला असता, कारण त्याच्या हाताखालची माणसं त्याला पोरांसारखी. मग पठारावरून फोन आला असता, बाई, तुम्हीही तशाच? मग पुढल्या वर्षी कुणी काही सांगितलं नसतं. पुस्तक संपलं असतं.

पुस्तक टिकलं पाहिजे, असं तिला त्या घाटात खरोखर वाटलं. नंतर तिला याचीच सगळ्यात जास्त लाज वाटायची. खोटं बोलल्याची एवढी नाही.

वरच्या वळणावर बसने लाकडाच्या गाडीला मागे टाकलं. ओंडक्यांच्या तोंडांवर कुणीतरी खडूने फुल्या मारल्या होत्या. कुणाचा खडू ते तिने ओळखलं. आपल्याच हाताने मोजून तो ते लाकूड घाटापलीकडे धाडत होता आणि त्याला सांगितलं असणार, तात्पुरतं आहे.

महिना संपला. दादाने टकल्याला नाही कळवलं.

७. कल

उन्हाळा सरला.

भोंगा बंद झाला.

त्या दिवशी दादाने फोन केला नाही. वहिनीने केला. "झालं, वन्सं," एवढंच म्हणाली, पण फोन ठेवला नाही. नदीकाठच्या त्या घरात मागे सतत एक घरघर असायची, मिलची, इतकी सवयीची की कुणाला ऐकू येत नसे. आज ती नव्हती आणि वहिनीचा श्वास स्पष्ट ऐकू येत होता.

टकल्याच्या कारखान्यातली जागा केव्हाच भरली होती. बंदरावरच्या एका इस्पितळात धुलाईघरात बाई हवी होती. ती जागा टकल्याने वहिनीला मिळवून दिली. एकटीला, खोली दोन बायकांत मिळून. दादाला कंपनीने यार्ड रिकामं करायला ठेवून घेतलं आणि ते रिकामं झाल्यावर राखण करायला. कशाची, ते कुणी सांगितलं नाही.

"समुद्र दिसतो का खिडकीतून?" तिने वहिनीला विचारलं, फोनवर.

"खिडकी नाही," वहिनी म्हणाली. "चादरी दिसतात."

कचेरीत साहेबांनी नव्या पुस्तकाचं पान समोर ठेवलं. उत्तर विभागाची रेघ आणखी वर गेली होती. खोऱ्यातली एक मिल गेली म्हणून पुस्तकात काहीच बदलायचं नव्हतं. खोरं आधीच झाकलेलं होतं. झाकणाखाली काय उरलंय ते कोण बघतो?

८. तळटीप

थंडी पडायच्या आत ती खोऱ्यात गेली.

दादा गेटवरच्या लाकडी खोलीत बसला होता. कपाटाच्या दारावरचं पान आता त्या खोलीत टेबलावर होतं आणि त्यावर एक भिंग.

"शाळेतल्या मास्तरांकडून आणलं," तो म्हणाला. "टीप वाचायला. काय गं, मुंग्यांसाठी छापता का?"

ती हसली नाही. त्यानेही हसावं म्हणून म्हटलं नव्हतं.

"'उत्तर विभागात खोरे व पठार यांचा एकत्रित समावेश आहे.'" त्याने पाठ म्हणून दाखवलं. "म्हणजे वर चढलेलं ते पठार."

"हो."

"आणि आम्ही?"

"ती रेघ तुमची नव्हती, दादा." ते वाक्य इतके महिने तोंडात राहून झिजलं होतं. बाहेर आलं तेव्हा त्याला आवाजच नव्हता. "तुम्ही खाली येत होतात. मला ठाऊक होतं. बंद होणार हेही ठाऊक होतं. तू विचारलंस तेव्हा."

दादाने भिंग उचललं, शर्टाच्या बाहीला पुसलं, परत ठेवलं. बाहेर कुठेतरी पत्रा वाजत होता. ती वाट बघत राहिली. त्याने ओरडावं, टेबलावर हात आपटावा, वडिलांचं नाव काढावं, काहीही.

"मला दिसत होतं," तो म्हणाला.

"काय?"

"गाड्या. मी काय आंधळा आहे? रोज गेटवर उभा. थप्प्या खाली येत होत्या, मागच्या गल्लीतून नदी दिसायला लागली होती. आयुष्यात कधी त्या गल्लीतून नदी दिसली नव्हती." तो थांबला. "मग घरी यायचो आणि तुझी रेघ बघायचो. वाटायचं, ही चुकायची नाही, हिला मी शिकवलंय. म्हणजे चुकतोय तो मोजणारा. मीच."

तिने दोन्ही हात टेबलावर ठेवले होते. ते तिला उचलता येईनात.

"वहिनीला सांगू का मी? की मला—"

"नको," तो म्हणाला. "तिला वाटतं, मीच हट्टी. तेच राहू दे. तुझ्याकडे तरी येत-जात राहील."

त्याने किल्ल्या घेतल्या. "चल, फेरी मारायची वेळ झाली."

यार्ड रिकामं होतं. फवाऱ्यांचे पाइप काढून नेले होते, जमिनीवर सालीचा जाड काळा थर उरला होता, पाय टाकला की आवाज न करता दबणारा. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सगळं सपाट आणि पलीकडे नदी, आता कुठूनही दिसणारी. सरळ चालत गेलं असतं तर पलीकडच्या कुंपणाला लगेच पोहोचता आलं असतं.

दादा सरळ गेला नाही. तो थोडा चालला आणि डावीकडे वळला. मग पुन्हा उजवीकडे. एका जागी खांदा आक्रसून, अंग चोरून पुढे झाला, तिथे पूर्वी दोन थप्प्या फार जवळ होत्या. एका जागी थांबून त्याने मान वर करून पाहिलं, वरचे ओंडके नीट बसलेत ना ते बघायला.

ती मागून चालत होती. त्याच्याबरोबर तीही वळली, जिथे वळायचं होतं तिथे, आणि त्या चिंचोळ्या जागी तिनेही अंग चोरलं.